गायकाने फक्त गावे काय? कृष्णा प्रकरण, आपले शाहीर आणि आपण श्रोते

पडघम

चेन्नईच्या म्युझिक अकादमीने १७ मार्च २०२४ रोजी कर्नाटक संगीताचे गायक टी. एम. कृष्णा यांना 'संगीत कलानिधी' हा सन्मान जाहीर केला आणि तीनच दिवसांत रंजनी-गायत्री या गायिका भगिनींनी अकादमीच्या डिसेंबर महोत्सवातून माघार घेतल्याचे पत्र प्रसिद्ध केले. पाठोपाठ आणखी काही गायक आणि हरिकथाकार बाहेर पडले, तर चित्रवीणावादक रविकिरण यांनी स्वतःला मिळालेला तोच सन्मान परत केला. कृष्णा यांनी तमिळनाडूतील ब्राह्मणेतर चळवळीचे नेते पेरियार यांचे गुणगान केले, कर्नाटक संगीताच्या परंपरेची आणि ती जपणाऱ्या समाजाची बदनामी केली, असे माघार घेणाऱ्यांचे म्हणणे होते. निवड केवळ सांगीतिक गुणवत्तेवर झाली आहे, असे सांगून अकादमीचे अध्यक्ष एन. मुरली आपल्या निर्णयावर ठाम राहिले.

या वादात माझ्या वाचनात आलेल्या एकाही पत्राने कृष्णा बेसूर गातात, त्यांचा राग शुद्ध नसतो किंवा त्यांचे निरवल, म्हणजे एकाच ओळीचा सुरांतून केलेला विस्तार, कच्चे असते, अशी तक्रार केलेली नाही. सर्व आक्षेप त्यांच्या बोलण्यावर, लिहिण्यावर आणि कोणासाठी व कुठे गायचे या त्यांच्या निवडीवर होते. २०१८ मध्ये त्यांनी येशू आणि अल्ला यांच्यावरील रचना गाण्याचे जाहीर केले, तेव्हाही असेच झाले. त्या नोव्हेंबरमध्ये दिल्लीच्या नेहरू पार्कमधील ज्या कार्यक्रमात ते गाणार होते तो समाजमाध्यमांवरील गदारोळानंतर सरकारी प्रायोजकाने पुढे ढकलला आणि मग दिल्ली सरकारने त्यांना दुसऱ्या ठिकाणी गायला बोलावले.

माझा प्रश्न असा आहे की, जात, धर्म, स्त्रियांवरील अत्याचार अशा विषयांवर बोलणाऱ्या कलावंताची वाट नेमके कोण अडवते? आपण सवयीने सरकारकडे बोट दाखवतो, परंतु या प्रकरणात सरकार बहुतांशी बाजूलाच होते. अडवणारे सहकलाकार होते, प्रायोजक होते आणि तुमच्या-माझ्यासारखे तिकीट काढून येणारे श्रोते होते.

सवाई_श्रोता

धागा संयत शब्दांत मांडल्याबद्दल आभार, पण मला त्यातील 'अडवणारे' हा शब्दच मान्य नाही. रंजनी-गायत्री यांनी कृष्णांचे गाणे बंद पाडले नाही, सभागृहासमोर निदर्शने केली नाहीत, पोलिसांत तक्रारही दिली नाही. ज्या व्यासपीठावर आपल्या श्रद्धेची अवहेलना करणाऱ्याचा गौरव होणार आहे तिथे आम्ही गाणार नाही, एवढेच त्यांनी सांगितले आणि त्यासाठी स्वतःचे मानाचे कार्यक्रम सोडले. हेसुद्धा अभिव्यक्तिस्वातंत्र्यच आहे आणि त्याची किंमत त्यांनी पदरची मोजली. कृष्णा बोलले तर ते धैर्य आणि त्या दोघी बोलल्या तर ती असहिष्णुता, हा न्याय मला समजत नाही.

दुसरे असे की, कृष्णा यांनी २०१५ साली चेन्नईच्या या सभांच्या, म्हणजे संगीत संस्थांच्या, डिसेंबर हंगामात गाणार नाही असे जाहीर करून त्या व्यवस्थेवर कठोर टीका केली होती. त्याच व्यवस्थेचा सर्वोच्च सन्मान त्यांनी स्वीकारावा, यातील विसंगती त्यांच्या चाहत्यांना दिसत नाही काय? मी तीस वर्षे मैफिली ऐकत आलो आहे. मारव्याचा कोमल रिषभ लागतो तेव्हा त्यात डावे-उजवे काही नसते, आणि ज्याला समाजाविषयी बोलायचे आहे त्याने अवश्य बोलावे, पण तानपुरे जुळल्यानंतर नको.

वऱ्हाडी_वकील

कायद्यापुरते बोलायचे तर सवाई_श्रोता यांचा पहिला मुद्दा बरोबर आहे. राज्यघटनेच्या कलम १९(१)(क) मधील अभिव्यक्तिस्वातंत्र्याचा हक्क मुख्यतः शासनसंस्थेविरुद्ध मागायचा असतो. एखाद्या खासगी संस्थेने गायकाला बोलावले नाही किंवा एखाद्या गायकाने दुसऱ्यासोबत मंचावर बसायला नकार दिला, तर त्या हक्काचा भंग झाला असे न्यायालयात सिद्ध करता येत नाही.

मात्र कृष्णा प्रकरण शेवटी न्यायालयात गेलेच आणि तेही वेगळ्याच दाराने. 'संगीत कलानिधी'च्या मानकऱ्याला दिवंगत गायिका एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांच्या नावाचा एक लाख रुपयांचा वेगळा पुरस्कारही २००५ पासून दिला जातो. कृष्णा यांनी सुब्बुलक्ष्मींवर लिहिलेल्या लेखाचा दाखला देऊन सुब्बुलक्ष्मींच्या नातवाने मद्रास उच्च न्यायालयात दावा लावला. आपल्या नावे स्मारक उभारू नये, अशी इच्छा सुब्बुलक्ष्मींनी मृत्युपत्रात नोंदवली होती, हाही त्या दाव्याचा आधार होता. नोव्हेंबर २०२४ मध्ये एकल न्यायाधीशांनी सुब्बुलक्ष्मींच्या नावाने पुरस्कार देण्यास मनाई केली, डिसेंबरमध्ये खंडपीठाने तो आदेश रद्द केला आणि त्यानंतर काही दिवसांतच सर्वोच्च न्यायालयाने अंतरिम आदेश देऊन कृष्णा यांना त्या नावाच्या पुरस्काराचे मानकरी मानू नये असे सांगितले. अकादमीचा मूळ सन्मान या वादाबाहेर राहिला.

आता कलावंतावर गुन्हा दाखल होतो तेव्हाची कसोटी पाहू. १९४६ साली आमच्या नागपूरच्या उच्च न्यायालयात न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी असे ठरवले की, शब्दांचा परिणाम जोखताना विचारी, खंबीर आणि धीट माणूस डोळ्यांसमोर ठेवावा. प्रत्येक विरोधी मतात धोका पाहणारा दुबळ्या मनाचा माणूस नव्हे. एका कवितेच्या चित्रफितीवरून जामनगरमध्ये दाखल झालेला गुन्हा सर्वोच्च न्यायालयाने २८ मार्च २०२५ रोजी रद्द केला, तेव्हा न्या. अभय ओक आणि न्या. उज्जल भुयान यांनी हीच नागपूरची कसोटी पुन्हा उचलून धरली. बोलण्या-लिहिण्याशी संबंधित ज्या गुन्ह्यांना तीन ते सात वर्षांची शिक्षा आहे, त्यांत पोलिसांनी नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(३) खाली आधी प्राथमिक चौकशी करणे योग्य ठरेल, असेही त्यांनी सांगितले. कसोटी अशी ऐंशी वर्षांची जुनी आहे. ती पोलीस ठाण्यातील टेबलापर्यंत पोहोचायला एवढा वेळ का लागतो, ते मी वकील असूनही सांगू शकत नाही.

डफ_तुणतुणे

वकीलसाहेबांनी गुन्ह्याचा विषय काढला म्हणून लिहितो, कारण आतापर्यंतच्या चर्चेत गायक म्हणजे मखमली बैठकीवर बसणारा, असेच गृहीत धरलेले दिसते. आमच्याकडे गाणारा उभा असतो. त्याच्या हातात डफ असतो, मागे झीलकरी, म्हणजे सुरात सूर मिळवणारे साथीदार, असतात आणि समोर तिकीट न काढलेली माणसे असतात. सत्यशोधक जलशांपासून आंबेडकरी जलशांपर्यंत सामाजिक प्रश्न हाच आमच्या गाण्याचा विषय राहिला आहे. त्यामुळे 'गाणे आणि भाष्य वेगळे ठेवा' हे सांगणे आमच्यापुरते निरर्थक आहे. भाष्य बाजूला काढले तर आमच्या हाती नुसता डफ उरेल.

अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांनी १९४४ मध्ये लाल बावटा कलापथक उभे केले आणि मोरारजी देसाई मुंबई राज्याचे गृहमंत्री असताना त्याच्या प्रयोगांवर बंदी आली. स्वातंत्र्य मिळाले होते, हे लक्षात घ्यावे. बंदीच्या काळात तमाशाला लोकनाट्य हे नाव देऊन आणि त्याचा बाज बदलून अण्णा भाऊंनी वाट काढली. आज अभ्यासक्रमात लोकनाट्य हा वाङ्मयप्रकार म्हणून शिकवला जातो, तेव्हा त्या नावामागे बंदी होती हे क्वचितच कोणी सांगते.

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला आणि त्यात दहा जण मारले गेले. चार दिवसांनी मुलुंडच्या वस्तीत राहणारे शाहीर विलास घोगरे यांनी आपल्या झोपडीत जीवन संपवले. संवेदनशील विषय हा शब्द मी वाचतो तेव्हा मला घोगरे आठवतात. तो विषय त्यांनी निवडला नव्हता, तो त्यांच्या दारात आला होता.

त्यानंतरच्या पिढीत पुण्यात, २००२ च्या गुजरात दंगलीनंतर, कबीर कला मंच उभा राहिला. खैरलांजीवर, जातीवर आणि विस्थापनावर त्यांनी गाणी केली. २०११ पासून त्यांच्या सदस्यांवर बेकायदेशीर कृत्ये प्रतिबंधक कायद्याखाली, म्हणजे यूएपीएखाली, कारवाई सुरू झाली आणि काही कलावंत भूमिगत झाले. २ एप्रिल २०१३ रोजी शीतल साठे आणि सचिन माळी मुंबईत विधान भवनासमोर स्वतःहून हजर झाले. शीतल तेव्हा गरोदर होती आणि तिला जूनअखेरीस उच्च न्यायालयाने जामीन दिला. सचिन माळी, सागर गोरखे आणि रमेश गायचोर यांना जामिनासाठी जानेवारी २०१७ पर्यंत थांबावे लागले आणि गोरखे व गायचोर यांना सप्टेंबर २०२० मध्ये एल्गार परिषद प्रकरणात पुन्हा अटक झाली.

कृष्णा यांच्याविषयी मला आदर आहे. पण हिशेब पाहा. जातीविरुद्ध बोलल्याबद्दल अभिजात गायकाला सहकाऱ्यांची रागाची पत्रे येतात आणि सन्मानही मिळतो, तर तेच बोलणारा वस्तीतला शाहीर कोठडीत जातो. आपल्या मैफिलीत शेवटी चोखामेळ्याच्या अभंगाची फर्माईश होते, लोक डोळे मिटून ऐकतात आणि 'देवळात राजकारण आणू नका' असे कोणी म्हणत नाही. चोखोबांच्या तक्रारीला जवळजवळ सातशे वर्षे झाली म्हणून ती आता शांतपणे ऐकवते, असे मला वाटते.

सवाई_श्रोता

डफ_तुणतुणे, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. चोखोबांचा मुद्दा मला लागला, हे कबूल करतो. तानपुरे जुळल्यानंतर भाष्य नको, हे माझे वाक्य अभंगांना लावून पाहिले तर टिकत नाही. तरीही एक शंका राहते. मंचाच्या सदस्यांवरील आरोप केवळ गाण्यांचे नव्हते. बंदी असलेल्या संघटनेशी संबंधांचे होते. आरोप खरे की खोटे ते न्यायालय ठरवील, परंतु 'गाण्यासाठी तुरुंगात' असे थेट म्हणणे कितपत बरोबर आहे?

वऱ्हाडी_वकील

शंका रास्त आहे आणि तिचे उत्तर कागदावर सापडते. जानेवारी २०१३ मध्ये याच प्रकरणातील काही जणांना जामीन देताना मुंबई उच्च न्यायालयाचे न्या. अभय ठिपसे यांनी म्हटले होते की, भ्रष्टाचार, सामाजिक विषमता, गरिबांचे शोषण यांवर बोलणे आणि चांगल्या समाजाची इच्छा धरणे यांवर देशात बंदी नाही. म्हणजे संबंधांचा पुरावा म्हणून जे मांडले गेले त्यात हे बोलणे-गाणेही होते, असा माझा अर्थ. बंदी असलेल्या संघटनेच्या नुसत्या सदस्यत्वाने गुन्हा होत नाही, या सर्वोच्च न्यायालयाच्या २०११ च्या भूमिकेचा आधार तेव्हा उपलब्ध होता. ती भूमिका मार्च २०२३ मध्ये त्याच न्यायालयाने मोडीत काढली. त्यामुळे असा जामीन आज मागायचा झाल्यास वकिलाचे काम जास्त अवघड आहे.

आणखी एक सांगतो, कारण आमच्या व्यवसायात हे रोज दिसते. शिक्षा फार थोड्यांना होते. पण गायकाची तीन-चार वर्षे तारखांमध्ये गेली, दर सोमवारी ठाण्यात हजेरी लावायची अट पडली आणि जिल्हा सोडायला परवानगी लागली, तर त्याचे कार्यक्रम आपोआप बंद होतात. त्यासाठी वेगळ्या बंदीची गरज उरत नाही.

अड्यार_मुक्काम

मी नोकरीनिमित्त बरीच वर्षे चेन्नईत आहे, म्हणून इकडची थोडी भर घालतो. पडघम यांनी कृष्णांचे वाद सांगितले, पण त्यांचे काम सांगायचे राहिले. समुद्रकाठच्या उरूर-ऑल्कॉट कुप्पम या मच्छीमार वस्तीत त्यांनी सहकाऱ्यांसह कला महोत्सव सुरू केला आणि जानेवारी २०१७ मध्ये एन्नोर खाडीच्या प्रदूषणावरचे एक गाणे तिथेच, राखेच्या ढिगांपाशी उभे राहून, शुद्ध कर्नाटक रागांत पण बोलीतल्या तमिळमध्ये गायले. रागाला राजकारण नसते हे सवाई_श्रोता यांचे म्हणणे मला पटते. म्हणूनच तो राग खाडीच्या काठावर गेला तरी बिघडत नाही. मृदंगाला चामडे चढवणाऱ्या, बहुतांश दलित ख्रिस्ती असलेल्या कारागिरांवर त्यांनी पुस्तक लिहिले, तेव्हा इथल्या एका प्रतिष्ठित कलासंस्थेने फेब्रुवारी २०२० मधील प्रकाशनासाठी दिलेले सभागृह आयत्या वेळी काढून घेतले आणि कार्यक्रम पत्रकारितेच्या महाविद्यालयात झाला. कर्नाटक संगीत गाईच्या कातड्यावाचून वाजत नाही, ही गोष्ट सगळ्यांना ठाऊक होती, ती कोणी मोठ्याने म्हणायची नव्हती.

डफ_तुणतुणे यांचा हिशेब तमिळनाडूतही तसाच आहे. ऑक्टोबर २०१५ मध्ये लोकगायक कोवन यांना सरकारी दारू दुकानांवरील गाण्यांसाठी मध्यरात्रीच्या सुमारास घरातून उचलले आणि राजद्रोहाचे कलम लावले. तेव्हा राज्यात अण्णाद्रमुकचे सरकार होते. म्हणजे याला एकाच पक्षाचा रंग देऊन चालणार नाही.

स्त्रियांचा प्रश्न इथे अजून आलेला नाही. ऑक्टोबर २०१८ मध्ये पार्श्वगायिका चिन्मयी श्रीपाद यांनी एका ज्येष्ठ गीतकारावर लैंगिक छळाचा आरोप केला. त्यांनी तो नाकारला. पुढच्याच महिन्यात डबिंग कलाकारांच्या संघटनेने वर्गणी थकल्याचे कारण देऊन चिन्मयी यांचे सदस्यत्व काढून टाकले आणि सदस्यत्वावाचून तमिळ चित्रपटांत आवाज देणे अवघड होते. त्याच हंगामात म्युझिक अकादमीने आरोप झालेल्या सात कलाकारांना महोत्सवातून वगळले होते, ही गोष्टही नोंदवायला हवी. म्हणजे एकाच शहरात, एकाच प्रश्नावर एका संस्थेने बोलणाऱ्या स्त्रीला बाहेर काढले आणि दुसरीने आरोप असलेल्यांना. सवाई_श्रोता, खासगी नकार हेसुद्धा स्वातंत्र्यच, हे तुमचे तत्त्व मी नाकारत नाही, परंतु दोन भगिनींचा नकार आणि एखाद्याचे पोट ज्यावर चालते त्या संघटनेचा नकार यांचे वजन सारखे नसते.

अवांतर: इथली हरिकथा तंजावरच्या मराठी कीर्तनकारांकडून बरेच काही शिकली. साकी, दिंडी, ओवी, अभंग हे छंद ती आजही वापरते. आणि आपल्या कीर्तनात गाडगेबाबा काय बोलत, ते इथे कोणाला वेगळे सांगायला नको.

मंडळाचा_खजिनदार

एवढे अभ्यासू प्रतिसाद वाचल्यावर लिहायला संकोच वाटतो, पण प्रत्यक्ष अडवणूक कशी होते ते मी सांगू शकतो, कारण अडवणाऱ्यांत मी होतो.

आमचे तालुक्याच्या गावचे छोटे संगीत मंडळ आहे. वर्षाला चार मैफिली, दीडशेच्या आसपास सभासद, आणि उरलेला खर्च एका स्थानिक प्रायोजकाकडून. काही वर्षांपूर्वी एका तरुण गायिकेने दोन बंदिशींच्या मध्ये, आंतरजातीय विवाहातून नुकत्याच झालेल्या एका खुनाविषयी चार वाक्ये बोलून पुढचा अभंग त्या मुलीला अर्पण केला. सभागृहात कोणी ओरडले नाही, कोणी उठून गेले नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी प्रायोजकांचा फोन आला, अगदी गोड आवाजात: बाई छान गातात, पण पुढच्या वेळी जरा बघून बोलवा. त्यानंतर आम्ही तिला पुन्हा बोलावले नाही. कार्यकारिणीत ठराव झाला नाही, इतिवृत्तात एक ओळ आली नाही. फक्त तिचे नाव यादीत खाली सरकत गेले. आता आम्ही प्रत्येक कलाकाराला फोनवर सांगतो की, निवेदन आमचा निवेदक करील, आपण फक्त गायचे. बहुतेक जण लगेच 'हो' म्हणतात. त्यांनाही पुढच्या गावची मैफल हवी असते.

वकीलसाहेबांची नागपूरची कसोटी इथे कुठे लावायची?

पडघम

खजिनदारसाहेब, तुम्ही हे लिहिलेत याबद्दल मनापासून आभार. माझ्या मूळ प्रश्नाचे इतके नेमके उत्तर मला अपेक्षित नव्हते. सवाई_श्रोता यांच्या आक्षेपानंतर मी माझे एक मत बदलते: रंजनी-गायत्री यांना 'अडवणाऱ्यां'त धरणे चूक होते, कारण त्यांनी सही करून, कारण देऊन आणि स्वतःचे नुकसान सोसून नकार दिला. त्यांच्याशी वाद घालता येतो. तुमच्या प्रायोजकांच्या गोड फोनशी वाद घालता येत नाही, कारण तो झालाच नाही असे सगळे धरून चालतात.

सरकारेही पूर्वी अशीच वागत. ४ मे १९७६ पासून आकाशवाणीवर किशोरकुमारांची गाणी लागेनाशी झाली, कारण सरकारी प्रचाराच्या कार्यक्रमाला त्यांनी नकार दिला होता. श्रोत्याला रेडिओवर तसे कोणी जाहीर करून सांगितले नाही, गाणी फक्त वाजली नाहीत. आता उलटही घडते. मार्च-एप्रिल २०२३ मध्ये राज मुंगासे या आपल्या मराठी रॅपरवर राजकीय गाण्यासाठी गुन्हा नोंदवला गेला, तेव्हा ते गाणे ज्यांनी कधी ऐकले नव्हते त्यांनीही शोधून ऐकले.

सवाई_श्रोता

खजिनदार, मी तुमच्याच मंडळासारख्या एका मंडळाचा सभासद आहे आणि असा एखादा फोन कदाचित माझ्याही ओळखीतल्या कोणी केला असेल. त्या मुलीचे चार वाक्यांचे निवेदन मला त्या संध्याकाळी रुचले असते असे नाही. पण मी सभासद म्हणून वर्गणी भरतो ती गाण्यासाठी. तिला पुन्हा बोलवायचे की नाही हे माझ्या नावाने, मला न विचारता ठरावे, हे मला मंजूर नाही. वार्षिक सभेत विषयपत्रिकेवर घ्या. मी तिच्या निवेदनाच्या विरोधात बोलेन आणि तिला बोलावण्याच्या बाजूने मत देईन.

डफ_तुणतुणे

आणि तिला बोलवाल तेव्हा त्याच संध्याकाळी उत्तरार्धात एखादा शाहीर बोलवा. मानधन अर्धेच लागेल, पण झीलकऱ्यांच्या जेवणाचे विसरू नका, ते चौघे असतात.

मंडळाचा_खजिनदार

वार्षिक सभा पुढच्या महिन्यात आहे आणि विषय घेतो. सभागृहाच्या आरक्षणाचा अर्ज आजच आणला आहे. त्यात 'कार्यक्रमाचे स्वरूप' या रकान्यासमोर शास्त्रीय, सुगम, भक्तिसंगीत आणि इतर असे चारच चौकोन आहेत, आणि 'इतर'वर खूण केली की पोलीस ठाण्याचा ना-हरकत दाखला जोडावा लागतो. शाहिरी कोणत्या चौकोनात बसवू, ते कोणी सांगेल काय? चोखोबा आहेत म्हणून भक्तिसंगीत लिहिले तर खोटे ठरेल का, हे वकीलसाहेबांनी सांगितले तर बरे होईल.